राजाची भक्ती आणि गवंड्यांचा हजेरीपट

श्रोतेहो, 13 ऑक्टोबर 1247 या दिवसापासून सुरुवात करू. त्या दिवशी इंग्लंडचा राजा तिसरा हेन्री साध्या वेषात, पायी चालत, लंडनच्या सेंट पॉल कॅथीड्रलपासून वेस्टमिन्स्टरच्या मठापर्यंत गेला. त्याच्या दोन्ही हातांत एक स्फटिकपात्र होते आणि त्यात जेरुसलेमहून आलेले ख्रिस्ताचे रक्त आहे, अशी त्याची श्रद्धा होती. या मिरवणुकीचे बारकाईने केलेले वर्णन आपल्याला मिळते, कारण सेंट ऑल्बन्सच्या मठातला इतिवृत्तकार मॅथ्यू पॅरिस तिथे हजर होता आणि राजाने त्याला जवळ बसवून घेऊन, हे सारे नीट लिहून ठेव, असे सांगितले होते. राजाला काय दिसावेसे वाटत होते हे त्या वर्णनातून कळते. पण त्याच वेळी, त्याच मठाच्या आवारात, दुसरेही लिखाण चालू होते. दगड किती आला, गवंडी किती लागले, कोणाला काय दिले, याच्या नोंदी कारकून चर्मपत्रावर करीत होते. आज मला ज्या इतिहासकाराविषयी बोलायचे आहे, त्याने आपले लक्ष या दुसऱ्या लिखाणाकडे वळवले.

सर हॉवर्ड कॉल्व्हिन (1919–2007) हे ऑक्सफर्डच्या सेंट जॉन्स कॉलेजचे फेलो होते. दुसऱ्या महायुद्धात ते ब्रिटिश हवाई दलात होते आणि माल्टा बेटावर विमानातून घेतलेली छायाचित्रे वाचण्याचे काम करीत. वरून घेतलेल्या करड्या छायाचित्रातली एखादी रेघ म्हणजे खंदक की नुसती सावली, हे ठरवण्याची सवय त्यांना पुढे जुन्या कागदांत उपयोगी पडली असावी. अर्थात हा माझा तर्क. त्यांचे 1951 सालचे पहिले मोठे पुस्तक इंग्लंडमधल्या प्रेमॉन्स्ट्रेटेन्शियन पंथाच्या, म्हणजे शुभ्रवस्त्रधारी धर्मगुरूंच्या, मठांवर होते. त्यानंतर इंग्लंडच्या राजांनी केलेल्या बांधकामांचा सहा खंडांतला इतिहास त्यांच्या संपादनाखाली 1963 ते 1982 या काळात प्रसिद्ध झाला, आणि 1971 मध्ये हेन्रीच्या बांधकामांचे मूळ हिशेब त्यांनी छापून सर्वांपुढे ठेवले. त्यापूर्वी मध्ययुगीन चर्चचा अभ्यास बहुतेक शैलीच्या अंगाने होत असे. ही कमान फ्रेंच वळणाची, हा खांब अमुक दशकातला, अशी ती भाषा. डब्ल्यू. आर. लेथबी यांच्यासारख्या विद्वानांनी विसाव्या शतकाच्या आरंभीच कारागिरांची नावे शोधायला सुरुवात केली होती, हे खरे. पण हुकूम कोणी दिला, पैसा कुठून आला आणि काम कोणी केले, हे तीन प्रश्न एका देशाच्या राजांच्या सगळ्या बांधकामांना सलगपणे विचारण्याचे श्रेय कॉल्व्हिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे.

वेस्टमिन्स्टर ॲबीचे, म्हणजे त्या मिरवणुकीतल्या मठाच्या चर्चचेच, उदाहरण घेऊ. राजा एडवर्ड द कन्फेसर याने बांधलेले तिथले चर्च 28 डिसेंबर 1065 रोजी पवित्र करण्यात आले आणि आठवडाभरात तो वारला. 1161 मध्ये त्याला संतपद मिळाले. तिसऱ्या हेन्रीची या संतराजावर इतकी निष्ठा होती की त्याने थोरल्या मुलाचे नाव एडवर्ड ठेवले, आणि 1245 मध्ये संताचेच जुने चर्च पूर्वेकडून पाडायला घेऊन त्या जागी नवे उभारायला सुरुवात केली. नजर फ्रान्सकडे होती. तिकडे राजा नववा लुई ख्रिस्ताच्या काटेरी मुकुटाच्या अवशेषासाठी पॅरिसमध्ये सेंट शापेल हे प्रार्थनामंदिर बांधत होता, आणि फ्रेंच राजांच्या राज्याभिषेकाचे चर्च म्हणून रांसचे कॅथीड्रल डोळ्यांपुढे होते. पहिला मुख्य पाथरवट हेन्री ऑफ रेन्स. हे ‘रेन्स’ म्हणजे फ्रान्समधले रांस की एसेक्समधले रेन नावाचे खेडे, यावर विद्वानांनी पुष्कळ शाई खर्च केली आहे. मला स्वतःला हा वाद जरा वाजवीपेक्षा मोठा झालेला वाटतो, कारण इंग्रज गवंडीही फ्रान्स पाहून येऊ शकत होता.

आता पैशाकडे वळू. हेन्रीच्या मृत्यूपर्यंत या कामावर 40,000 पौंडांहून अधिक खर्च झाला. त्या काळी पौंड हे नाणे नव्हतेच, तो केवळ हिशेबाचा आकडा होता. प्रत्यक्ष व्यवहार चांदीच्या पेनीत होई आणि 240 पेनींचा एक पौंड धरत. म्हणजे 96 लाखांवर चांदीची नाणी. ही रक्कम राज्याच्या एका वर्षाच्या नेहमीच्या उत्पन्नाहून मोठी होती. आणि ती आली कुठून? 1244 मध्ये ऑक्सफर्डचा डेव्हिड हा धनाढ्य यहुदी सावकार वारला. त्याची विधवा लिकोरिशिया हिला मालमत्तेची मोजदाद होईपर्यंत टॉवर ऑफ लंडनमध्ये अडकवून ठेवण्यात आले, आणि नवऱ्याची इस्टेट ताब्यात मिळावी म्हणून तिला जे भरावे लागले, त्यातले 2,500 पौंडांहून अधिक वेस्टमिन्स्टरच्या बांधकामाकडे वळवले गेले. त्या चर्चच्या सुरुवातीच्या दगडांत ख्रिस्ती राजाच्या भक्तीइतकाच एका यहुदी विधवेचा पैसा आहे. मॅथ्यू पॅरिसच्या मिरवणुकीत ही बाई कुठेच नाही. ती सापडते ती खजिन्याच्या नोंदींत.

1253 सालचे हिशेब तर आठवड्यागणिक टिकून आहेत. त्या उन्हाळ्यात कामावर चारशेहून अधिक माणसे होती. पांढरा दगड घडवणारे वेगळे, दक्षिण इंग्लंडमधल्या पर्बेकचा संगमरवरासारखा काळपट दगड घडवणारे वेगळे, दगड रचणारे वेगळे. शिवाय सुतार, लोहार, काचकाम करणारे, आणि या सर्वांहून संख्येने मोठा असा बिगाऱ्यांचा जथा. काही काम रोजंदारीवर, काही उक्ते. सणांच्या सुट्ट्यांचा तिढा तर वाचण्यासारखा आहे. मध्ययुगात संतांचे सण इतके की सगळ्यांची मजुरी द्यावी तर राजा बुडाला आणि न द्यावी तर गवंड्यांची चूल थंड. तेव्हा तोड निघाली ती अशी, की एक सण राजाचा, त्या दिवशी मजुरी नाही. पुढचा सण गवंड्यांचा, त्या दिवशी मजुरी मिळणार. संताच्या समाधीचे मंदिर उभारताना संतांच्याच सणांची ही वाटणी झाली होती. राजाच्या भक्तीला यामुळे काही उणेपणा येतो असे मी मानत नाही. हेन्री भाविक होताच. फक्त त्याची भक्ती दर आठवड्याला कोणत्या रकमेला पडत होती, ते आता आपल्याला दिसते.

ती रक्कम पुढे त्याला झेपेनाशी झाली. सरदारांशी झालेल्या यादवी युद्धानंतर, 1267 मध्ये, संताच्या समाधीसाठी जमवलेले सोने आणि रत्ने त्याला गहाण टाकावी लागली. तरी 1268 मध्ये मुख्य वेदीसमोरची रंगीत दगडांची फरशी तयार झाली. मठाधिपती रिचर्ड ऑफ वेअर याने तिच्यासाठी रोमहून दगड आणि कारागीर आणले होते. फरशीवरच्या लेखात साल सरळ दिलेलेच नाही. 1212 मध्ये 60 मिळवा आणि 4 वजा करा, असे ते कोडे आहे. पुढच्या वर्षी, पुन्हा 13 ऑक्टोबरलाच, संताचा देह नव्या समाधीत हलवला गेला. 1272 मध्ये राजा वारला, तेव्हा त्याला संताच्या रिकाम्या झालेल्या जुन्या जागी पुरण्यात आले, आणि काम थांबले.

कॉल्व्हिन यांच्या पद्धतीचे महत्त्व पटवायला मला हा पुढचा भाग सर्वांत उपयोगी वाटतो. पश्चिमेकडच्या लांब दालनाचे काही गाळे हेन्रीच्या हयातीत झाले होते. त्यांच्या पलीकडे जुन्या चर्चचे नॉर्मन धाटणीचे दालन पुढची शंभर वर्षे तसेच उभे राहिले. 1376 मध्ये काम पुन्हा सुरू झाले तेव्हा इंग्लंडमध्ये बांधणीची तऱ्हा पार बदलली होती, तरीही गवंड्यांनी हेन्रीच्या काळचाच नमुना पुढे चालवला. शैलीवरून काळ ठरवणाऱ्याने ते गाळे पाहिले तर तो बेधडक 1260च्या आसपासचे म्हणेल. कागद मात्र शंभर वर्षे पुढचा काळ सांगतात. कागद हाती घेऊन पुन्हा भिंतीकडे पाहिले, म्हणजे आधी न जाणवलेली खूण दिसते. कमानींच्या वरच्या भिंतीवर हेन्रीच्या पाथरवटांनी कोरलेली चौकटींची बारीक नक्षी एका ठिकाणी तुटते, आणि तिथून पुढे भिंत कोरी आहे.