झोप किती झाली?

श्रोतेहो, नमस्कार. आज बोलूया आवेगाबद्दल, म्हणजे विचार न करता एकदम काहीतरी करून बसण्याबद्दल.

आपल्या सोलापुरात गड्ड्याच्या यात्रेला होम मैदानावर गेलं की नको असलेली वस्तू घेऊनच आपण घरी येतो. 'उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग' ही म्हणही आपलीच. तेव्हा मनात आलं आणि करून टाकलं, एवढ्यावरून कुणाला मनोरुग्ण ठरवायचं नाही.

पण शहराच्या पूर्व भागातल्या एका बाई माझ्याकडे, म्हणजे मानसोपचाराच्या दवाखान्यात, आल्या होत्या. (ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदललेत.) त्यांचे मालक यंत्रमागावर चादरी विणतात. त्यांनी कारखान्यातून उचल घेतली आणि चाळीस चादरी विकत आणल्या. गल्लीत फुकट वाटायला! सासू म्हणाली, दारू चढली असेल. मी विचारलं, "झोपतात किती?"

"दोन तास. आठ दिवस झाले बघा, पण दमत नाहीत की ओ."

तिथंच मला धागा सापडला. झोप कमी आणि उत्साह दुप्पट, जोडीला सुसाट बोलणं आणि पाण्यासारखा पैसा, असं आठवडाभर चाललं तर बायपोलर आजारातल्या, म्हणजे मन कधी फार चढतं तर कधी फार खचतं त्या आजारातल्या, उन्मादाची (चढत्या टप्प्याची) शंका घ्यावी. त्यावर लिथियमसारखी जुनी, चांगली औषधं आहेत. रक्ततपासणी मात्र चुकवायची नाही.

एडीएचडीची, म्हणजे लक्ष न टिकणं आणि उतावीळपणा असलेल्या विकाराची, गोष्ट वेगळी. त्यात प्रश्न संपायच्या आत उत्तर देणं, रांगेत न थांबणं हे वयाच्या बारा वर्षांच्या आधीपासूनच दिसतं. म्हणून मी 'का केलंस?' असं विचारत नाही, 'कधीपासून?' असं विचारतो. 'का'चं उत्तर बहुधा त्या माणसाकडेही नसतं.

आणखी एक गोष्ट, जी घरच्यांच्या ध्यानातच येत नाही. कंपवातासाठी प्रॅमिपेक्सोलसारखी गोळी सुरू झाल्यावर काही जणांना जुगाराचा किंवा खरेदीचा नाद लागतो. जन्मभर पै-पै जपलेले आजोबा जुगारात पेन्शन घालवतात आणि घरात 'म्हातारचळ' म्हणून भांडणं होतात. गोळी मनानं बंद करू नका, डॉक्टरांना सांगा. बदलता येते.

रागाच्या भरात कुणी जिवाचं बरंवाईट करायची भाषा केली, तर त्याला एकटं सोडू नका. 14416 हा टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा क्रमांक फुकट आहे, तिथं मराठीतही बोलता येतं.

त्या बाई आता स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर रोज पेन्सिलीनं मालकांच्या झोपेचे तास लिहितात. परवा पान दाखवायला आणलं होतं. दुधाच्या हिशेबाशेजारी सलग अकरा दिवस सहा, सात, सहा. चादरी तेवढ्या परत मिळाल्या नाहीत.

नमस्कार.