ट्रान्स म्हंजे पार

खानापूर तालुक्यातली ही मराठी शाळा. बाहेर पाऊस, कौलावरनं पागोळ्या गळतायत, आणि फळ्यावर सरांनी इंग्रजीचा एवढाच तुकडा लिहिलाय: ट्रान्स. पुढची जागा मोकळी.

सर विचारतात, मलप्रभा ओलांडून जायचं तर काय करायचं? पोरं ओरडतात, पार करायची! झालं की मग, ट्रान्स म्हंजे पार, पलीकडं. लॅटिनमधला उपसर्ग, पण परका नव्हे, भवसागर तरून जायचं म्हणतो ना आपण, त्यातला संस्कृत तृ धातू त्याचा जुना भाऊबंद.

आता खडू बघा. पोर्ट म्हंजे वाहून नेणं, म्हणून ट्रान्सपोर्ट. बेळगाव स्टँडवर महाराष्ट्राची एसटी आणि शेजारी कर्नाटकाची बस, दोन्ही महामंडळांच्या इंग्रजी नावात हा शब्द आहेच. ट्रान्सपरंट तर सरळ पारदर्शक, पार दिसणारं, आपला शब्द जसा बांधलाय तसाच तोही.

ट्रान्सप्लांट म्हटल्यावर पोरांना किडनी आठवते, सर मात्र त्यांना शाळेमागच्या शेतात घेऊन येतात. तरव्यातलं भाताचं रोप उपटलं, मुळाची माती पाण्यात झटकली, मूठ बांधली आणि ह्या चिखलात आणून लावलं. इंग्रजीत हा शब्द आधी रोपांचाच होता, दवाखान्यात नंतर गेला.

आणि ही पोरगी बघा, आज्जीला जमिनीचा कन्नड उतारा मराठीत सांगतीय. ट्रान्सलेट. ट्रान्सफरमधलं फर आणि यातलं लेट ही लॅटिनच्या एकाच क्रियापदाची दोन रूपं, नेणं आणि नेलेलं, म्हंजे बदली होऊन गेलेले गुरुजी आणि भाषांतर होऊन आलेलं वाक्य, दोघंही पलीकडं नेलेलेच! हे मराठीतनं सांगितलं म्हणून पोरांना एका तासात कळलं, घोकंपट्टीनं वर्षभर कळलं नसतं. शाळेचा पट मात्र दरवर्षी घटतोय, यंदा दोन वर्ग एकाच खोलीत बसतात.

शेवटच्या बाकावरनं प्रश्न येतो, सर, ट्रान्सक्राइबमध्ये एस एकदाच का? सर खूश. स्क्राइब म्हंजे लिहिणं, त्याचा स्वतःचा एस आहे, दोन एस एकत्र आले आणि एक गळाला. आणि ट्रॅव्हल, सर? नाही रे बाळा, ते ह्या घरातलं नव्हे, त्याचं मूळ जुन्या फ्रेंचमधल्या कष्टात.

पोरगं वहीत ट्रॅव्हल लिहितं आणि त्याच्यावर काट मारतं.