कॅमेरा मागे ठेवून चालणारा माणूस

बर्फातून एक माणूस चालत येतो, कॅमेऱ्यासमोरून जातो, दूरच्या झाडीत दिसेनासा होतो. आपल्यासाठी दृश्य इथं संपतं. त्याला मात्र तेवढंच अंतर परत यायचं असतं. ट्रायपॉड मागेच राहिलेला असतो आणि तो उचलायला दुसरं कुणी नसतं.

हे नॉर्वेचे रानवाटांवरचे भटके लार्स मोन्सेन, आपल्या मोहिमा स्वतःच चित्रित करणारे. जन्म १९६३, ऑस्लो. शिक्षण शिक्षकाचं, आयुष्य मात्र रानावनात. नॉर्वेत ते घराघरांत ओळखीचे आहेत, देशाबाहेर त्यांचं नाव फारसं कुणी ऐकलेलं नाही.

सन २००० मध्ये ते कॅनडा पश्चिमेकडून पूर्वेकडे ओलांडायला निघाले. पायी, कनू या निमुळत्या होडीतून, स्कीवर, सोबत कुत्री. या मोहिमेला अडीच वर्षांहून अधिक काळ लागला. चित्रण बहुतांशी त्यांनी स्वतःच केलं. उणे तापमानात बॅटरी लवकर दम तोडते, बोटं बधिर होतात. तरीही दमलेल्या संध्याकाळी ते कॅमेऱ्याशी बोलतात, शेजारी बसलेल्या माणसाशी बोलावं तसं. नॉर्वेची सार्वजनिक वाहिनी एनआरके हिने २००५ मध्ये या चित्रणाची मालिका दाखवली.

याच एनआरकेने २००९ मध्ये बर्गन ते ऑस्लो हा सात तासांहून मोठा रेल्वेप्रवास जसाच्या तसा प्रक्षेपित केला होता. २०१८ च्या उन्हाळ्यात आगगाडीच्या जागी मोन्सेन आले. त्यांची डोंगरातली पायपीट थेट प्रक्षेपणात! पटकथा नाही, तालीम नाही. डोंगरातली पायवाट दाखवणाऱ्या, लाल रंगात ‘टी’ काढलेल्या दगडांच्या खुणांमागून ते चालत राहिले आणि वाटेत माणसं येऊन मिळत गेली. नॉर्वेत मोकळ्या रानात फिरण्याचा हक्क सर्वांना आहे, १९५७ चा कायदाच तसा आहे. त्यामुळे ज्याला वाटेल तो पाठीवर पिशवी टाकून थेट पडद्यात शिरू शकत होता.

पण माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोलाचं काम त्याआधीचं, २०१० मधलं. ‘इंगेन ग्रेन्सर’, म्हणजे ‘सीमा नाहीत’, या मालिकेत त्यांनी अपंगत्व असलेल्या माणसांचा गट रानातून नेला. दलदलीत व्हीलचेअरची चाकं रुततात, तेव्हा दोर बांधून सगळ्यांनी मिळून ओढावं लागतं. आपल्या वेगाने एकट्याने चालण्यात मुरलेले मोन्सेन इथं गटातल्या सर्वांत हळू माणसाच्या वेगाने चालतात. आणि कॅमेराही त्यांच्यावरून सरकून त्या माणसांच्या चेहऱ्यांवर जातो.