गोड पाल्याची गुंज

(बांधावरचा वेल)
सातपुड्याच्या पायथ्याला, यावल-रावेरकडच्या बांधांवर दिवाळीनंतर बोरी-बाभळींच्या शेंड्यांत हे लाल ठिपके दिसायला लागतात. ही गुंज. पानं चिंचेसारखी, एका काडीवर दहा ते वीस जोड्या. पान चघळलं की आधी हिरवट लागतं, मग गोड, आणि तो गोडवा जिभेवर रेंगाळतो. म्हणूनच बसलेल्या आवाजाला, खोकल्याला, तोंड आल्यावर ज्येष्ठमधाच्या जागी हा पाला चघळतात. पानाच्या टपरीवर विड्यातही तोच पडतो.

(पाला खुडताना)
खुडायचा तो शेंगा वाळायच्या आधी. एकदा शेंग तडकली की पाल्यात विषारी बी येते. सावलीत, पातळ थरात पसरायचा. उन्हात टाकला की रंग उडतो. डब्यात भरण्याआधी सुपात पाखडायचा. एक बी सापडली तरी सगळा पाला पुन्हा निवडायचा, इथे आळस चालत नाही.

(सराफाचा काटा)
जळगावचा सराफ बाजार आज मिलिग्रॅममध्ये तोलतो. सोनारांचं जुनं माप मात्र हे: 8 गुंजांचा 1 मासा, 12 माशांचा 1 तोळा. तोळा 11.66 ग्रॅमचा, म्हणजे एका गुंजेच्या वाट्याला साधारण 121 मिलिग्रॅम. वेलावरची प्रत्येक बी काही इतकी नेमकी भरत नाही. म्हणून सुरकुतलेल्या, किडक्या, अर्धकच्च्या बिया काढून सारख्या आकाराच्या तेवढ्या डबीत ठेवायच्या. टणक टरफलातून ओल सहजी आत शिरत नाही, त्यामुळे पावसाळ्यातही वजन फारसं हलत नाही. भारी डोक्याचं माप! 1956 च्या कायद्यानं मेट्रिक वजनं आणली आणि ते मागे पडलं.

(बी, जवळून)
तेच टरफल फुटलं की आत ॲब्रिन, पेशींचं प्रथिनं बनवण्याचं काम बंद पाडणारं विष. अख्खी गिळलेली बी न पचता पडून जाऊ शकते; चावलेली किंवा माळेसाठी भोक पाडलेली बी घातक. उलट्या-जुलाब काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी लागतात आणि त्यावर उतारा नाही. बी पोटात गेली असेल तर पोर खेळत असलं तरी लगेच दवाखाना गाठायचा, बी सोबत घेऊन. वैद्य गुंज वापरतात ती गाईच्या दुधात, दोलायंत्रात (पुरचुंडी भांड्यात लटकवून) 2 प्रहर शिजवून. घरी तो खटाटोप नको.

(काष्ठौषधींचं दुकान)
गुंजेचं मूळही ज्येष्ठमध म्हणून खपवतात. तेव्हा पूड नको, काडी घ्या: बाहेरून तपकिरी, आत पिवळी, तंतुमय. पण खरं ज्येष्ठमधही मोजूनच. त्यातलं ग्लिसिरायझिन अंगात मीठ-पाणी धरून ठेवतं, पोटॅशियम घटवतं, रक्तदाब चढवतं. चूर्ण दिवसाला 2 ते 4 ग्रॅम, तेही महिनोन्‌महिने सलग नाही. रक्तदाबाची, लघवी वाढवणारी किंवा हृदयासाठीची डिगॉक्सिनची गोळी चालू असेल, दिवस गेलेले असतील, तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय काडीही चघळू नये.