बिनिसाया

(पहाट. कार्बन बाजार. नारळाच्या झावळ्यांचा ढीग.)

फिलिपिन्समधलं सेबू शहर. बाजार अजून पुरता उजाडलेला नाही. ही कोवळी पात, इथल्या सेबुआनो भाषेत लुकाय. मधली शीर काढायची, पट्ट्या बोटांभोवती गुंडाळायच्या, मग एक वरून, एक खालून. मनांगची नजर आमच्याकडे आहे, हातांकडे नाही. मनांग म्हणजे वयाने मोठी बाई, आपली मावशी म्हणा.

विणून झालं ते पुसो. तांदूळ अर्धेच भरायचे, शिजून फुगायला जागा हवी.

(जवळून: विणलेले वेगवेगळे आकार.)

हा बिनाकी. बाकी म्हणजे बेडूक. आपली हिशेबातली बाकी नव्हे. बेडकाच्या घाटाचं म्हणून बिनाकी. शेजारच्या शेगडीवर बघा. निखाऱ्यावर भाजणं म्हणजे सुग्बा आणि भाजलेला मासा सिनुग्बा. आपण प्रत्यय शब्दाच्या शेपटाला लावतो. इथे 'इन' पहिल्या व्यंजनामागून थेट शब्दाच्या पोटात घालतात, पट्टीत पट्टी ओवावी तसा. ही रीत फार जुनी. तैवानच्या मूळ रहिवाशांच्या भाषांत ती आजही आहे. हे ऑस्ट्रोनेशियन भाषांचं कुळ तिथूनच होड्यांत बसून निघालं, ते पश्चिमेला मादागास्कर आणि पूर्वेला हवाईपर्यंत पोचलं.

(मनांग पुसोचे झुपके बांधते. तिचा आवाज.)

उसा, दुहा, तुलो, उपात, लिमा...

मॅगेलनसोबत आलेल्या अंतोनियो पिगाफेत्ताने १५२१ साली याच सेबूत दीडशेहून अधिक शब्द टिपून घेतले. त्यात हे अंक आहेत. लिमा म्हणजे पाच. हवाईत लिमा म्हणजे हात. आपला पंजा तरी कुठून आला?

(तांदळाची गोणी. मग वाफाळतं पातेलं.)

शेतात हुमाय, गोणीत बुगास, ताटात कान-ओन. साळ, तांदूळ, भात.

(पिंजऱ्यातले पक्षी.)

हा लांग्गाम, पक्षी. मनिलाच्या तागालोगमध्ये लांग्गाम म्हणजे मुंगी. तरी सेबुआनोला सर्रास 'डायलेक्ट' म्हटलं जातं. सुमारे २ कोटी लोक बोलतात ती बोली, आणि राजधानीत बोलतात ती भाषा! १९३७ साली राष्ट्रभाषेचा पाया म्हणून तागालोग ठरली. २०१३ च्या कायद्याने लहान मुलांच्या वर्गांत मातृभाषा आली, २०२४ च्या कायद्याने तिची सक्ती गेली.

(बंदर. बोटींवर चढणारी माणसं.)

या बोटी बेटाबेटाला जातात. इलोइलोत हिलिगायनोन ऐकू येते, सामारमध्ये वाराय. वाराय या शब्दाचा अर्थच 'नाही'. 'नाही' नावाची भाषा, आणि बोलणारे लाखो. या सगळ्या बिसाया घराण्यातल्या. सेबूचा माणूस मात्र आपल्या बोलण्याला नुसतं बिनिसाया म्हणतो. बिसायाच्या पोटात तोच 'इन'.

(पुन्हा बाजार. आता ऊन आलं आहे.)

मनांगने आमच्या हातात लुकाय दिलं आहे. एक वरून, एक खालून. पट्टी तिसऱ्यांदा सुटली.

(निवेदन थांबते. तिचं हसणं आणि मोजणं तसंच चालू ठेवावं.)