आक्कांची पिशवी

श्रोते हो, नमस्कार.

वकिली सोडून मला बरीच वर्षं झाली. तरी लग्नाच्या पंगतीत शेजारचा माणूस जिलबी वाढायच्या आत विचारतोच, "वकीलसाहेब, भावानं जमीन परस्पर विकायला काढलीय. स्टे मिळेल का?"

मिळतो. वाटपाचा दावा घालायचा आणि सोबत तूर्तातूर्त, म्हणजे निकाल लागेपर्यंतच्या, मनाईचा अर्ज द्यायचा. कोर्टात त्याला निशाणी पाच म्हणतात. न्यायाधीश तीन गोष्टी बघतात. तुमच्या म्हणण्यात सकृद्दर्शनी तथ्य आहे का, जास्त अडचण कुणाची होईल, आणि नुकसान पैशानं भरून न येणारं आहे का. पण अर्ज दिला म्हणजे हुकूम झाला नाही. आणि हुकूम झाला म्हणजे तो पोचला असंही नाही. पुन्हा सांगतो, हुकूम पोचला पाहिजे.

हे मला आक्कांनी शिकवलं. माझ्या अशील, वय पासष्ट. वडिलार्जित दोन एकर, विहिरीसकट. सातबाऱ्यावर एकट्या भावाचं नाव, कारण वारसनोंदीच्या वेळी बहिणीला कुणी विचारलंच नव्हतं. आता तर हिंदू वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित मिळकतीत मुलगी जन्मानंच हिस्सेदार आहे, आणि वडील तेव्हा हयात असोत वा नसोत, हे सर्वोच्च न्यायालयानं 2020 साली स्पष्ट केलंय. तरी भाऊबीजेला साडी द्यायची आणि त्याच आठवड्यात हक्कसोडपत्रावर सही घ्यायची, हे चालूच. साडीसुद्धा बहुधा सेलमधली. असो.

गुरुवारी मनाई मिळाली, शुक्रवारी तातडीची नक्कल हातात आली. खरेदीखत सोमवारी होणार अशी कुणकुण होती. मी ऐटीत म्हणालो, "आक्का, निवांत घरी जा. बेलीफ हुकूम बजावेल."

"बेलीफ कवा जायचा?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं.

सोमवारी सकाळी दुय्यम निबंधक कार्यालयाच्या बाकावर आक्का हजर. कापडी पिशवीत वर भाकरी, खाली नक्कल. अकराच्या सुमाराला भाऊ आला, मागून शहरातला खरेदीदार आणि त्याची बायको. आक्का भावाशी अवाक्षर बोलल्या नाहीत. सरळ त्या बाईंपुढे कागद धरला. "बाई, शिकलेल्या दिसताय. एवढं मोठ्यानं वाचा की."

आक्का चौथी पास होत्या. वाचता चांगलं येत होतं.

बाईंनी भिडेखातर वाचायला घेतलं. सदर मिळकत विक्री, गहाण, बक्षीस अगर अन्य कोणत्याही रीतीने तबदील करू नये... इथं त्यांचा आवाज बसला. खरेदीदारानं खिशातला डिमांड ड्राफ्ट चाचपला आणि बायकोला खुणेनंच म्हणाला, चल. भावाला आता "मला माहीतच नव्हतं" म्हणायची सोय उरली नाही. माहीत असून हुकूम मोडला, तर मिळकत जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते.

मी धापा टाकत पोचलो तेव्हा बहीणभाऊ एकाच बाकावर बसलेले. आक्कांनी फडकं सोडून अर्धी भाकरी त्याच्यापुढे केली. "खा. साखर हाय तुला, उपाशी ऱ्हाऊ नको."

तेवढ्यात तिथल्या कारकुनानं मला विचारलं, "साहेब, दाव्याची नोटीस नोंदवलीत का?" लिस पेंडन्सची, म्हणजे या मिळकतीवर दावा चालू आहे हे सांगणारी. मी विसरलो होतो! मुंबई प्रांतात 1939 साली झालेल्या दुरुस्तीमुळे ही नोटीस नोंदवली तरच दावा चालू असताना मिळकत घेणारा माणूस दाव्याच्या निकालाला बांधला जातो. नुसता दावा दाखल करून भागत नाही. पुन्हा सांगतो, नोटीस नोंदवा. मनाई उद्या उठली तरी ती नोंद राहते.

दुसऱ्या दिवशी नोटीस घेऊन गेलो, तर बाकावर आक्का आधीच बसलेल्या. मला म्हणाल्या, "आज उशीर नाय ना करायचा?"