किलो खरा, मग समता खोटी कशी?

श्रोतेहो, नमस्कार.

"हाताची पाच बोटं तरी कुठे सारखी असतात?" समतेचा विषय निघाला की हे वाक्य कुणीतरी टाकतंच, मग ती चाळीची गॅलरी असो की लोकलचा डबा. पाठोपाठ पुढचं वाक्य येतं: न्याय, समता हे सगळे मनाचे खेळ, निसर्गात पाहावं तर मोठा मासा लहान माशाला खातो. हे बोलणारी माणसं काही दुष्ट नसतात. बऱ्याचदा आयुष्यात अन्याय सोसून थकलेलीच असतात. म्हणून त्यांच्या प्रश्नाला नीट उत्तर द्यायला हवं, आणि त्यासाठी आधी आपण दादरच्या भाजीबाजारात जाऊ.

भाजीवाल्याकडचं लोखंडी वजन हातात घेऊन बघा. त्यातल्या एका खाचेत शिसं भरलेलं असतं आणि त्या शिशावर वजनमापे खात्याच्या निरीक्षकाचा ठसा असतो. या वजनांची दर दोन वर्षांनी फेरतपासणी करून ठसा मारून घ्यावा लागतो, इलेक्ट्रॉनिक काट्याची दरवर्षी. का? वजन झिजतं. कुणी मुद्दाम बूड घासतं, कुणी शिसं उकरून काढतं, कुणी पारड्याखाली लोहचुंबक चिकटवतं. काट्याची दांडी दोन्हीकडे सारखी आहे का, हे घरच्या माणसालाही ओळखता येतं: एकदा तोललं की माल आणि वजन यांची पारडी बदलायची आणि पुन्हा तोलायचं. दांडी एका बाजूला जास्त असेल तर आता काटा खाली-वर होतो.

आता विचारा, हा किलो निसर्गात कुठे आहे? कुठेच नाही. पॅरिसजवळ सेव्र इथे प्लॅटिनम-इरिडियमचा एक लहानसा दंडगोल जपून ठेवला होता, त्याच्या वजनाला १८८९ पासून जगाने किलो म्हटलं. त्याची ५७ क्रमांकाची प्रत दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत आहे. २० मे २०१९ पासून तो दंडगोलही बाजूला ठेवला आणि प्लांकचा स्थिरांक या भौतिकशास्त्रातल्या ठरावीक आकड्यावरून किलो ठरवायचं असं देशांनी मिळून नक्की केलं. म्हणजे किलो हा माणसांनी ठरवलेला आहे, आणि एकदा ठरवून नंतर बदललेलाही आहे. पण चाळीस रुपये किलोचा कांदा घेताना ५० ग्रॅम कमी आले, तर दोन रुपयांची चोरी झाली ती खरीच. महिन्याचे कांदे एकदम भरणाऱ्यापेक्षा रोज पावशेर घेणाऱ्या बाईला ती जास्त जाचते.

अंधारात दोरी साप वाटते आणि दिवा आणला की साप नाहीसा होतो. भ्रम ओळखायची ही आपली जुनी कसोटी आहे. किलो माणसांनी ठरवलाय हे कळल्यावर किलो नाहीसा होत नाही, उलट तो तपासता येतो. समतेचंही तसंच आहे. "सर्व माणसं समान" हे वाक्य म्हणजे माणसांची उंची, बुद्धी, ताकद मोजून काढलेला निष्कर्ष नव्हे. राज्याने, कोर्टाने, पाणवठ्याने माणसाला कोणत्या मापाने मोजायचं, ते ठरवणारं हे वाक्य आहे. बोटं सारखी नसतात हे मान्य, पण म्हणून करंगळीला जखम झाली तर मलमपट्टी करायची नाही असं कुणी म्हणत नाही.

दादरच्या राजगृहात राहणाऱ्या बाबासाहेबांनी हा प्रश्न सरळ अंगावर घेतला होता. लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी १९३६ साली त्यांनी भाषण लिहिलं. मंडळाला त्यातला मजकूर झेपला नाही आणि ते भाषण झालंच नाही, शेवटी त्यांनी ते स्वतः छापलं. त्यात ते कबूल करतात की समता ही एक कल्पित गोष्ट असेल, तरीही कारभाराचं तत्त्व म्हणून ती स्वीकारावीच लागते. कारण अगदी व्यवहारी आहे. माणसाचं कर्तृत्व तीन गोष्टींतून येतं: शरीराचा वारसा, घरातून-समाजातून मिळालेलं, आणि स्वतःचे कष्ट. कष्टांप्रमाणे वागणूक कमी-जास्त झाली तर ते एकवेळ समजता येईल. पण पहिल्या दोन गोष्टी जमेस धरल्या, तर शर्यत सुरू व्हायच्या आधीच घराणं, शिक्षण आणि ओळखी असलेला जिंकलेला असतो. शिवाय राज्यकर्त्यासमोर लाखो माणसं असतात. प्रत्येकाची पात्रता बारकाईने तोलत बसायला त्याच्याकडे ना वेळ असतो ना तेवढं ज्ञान. तेव्हा सगळ्यांना एकच माप लावणं हाच त्यातल्या त्यात चुकण्याचा कमी धोका असलेला मार्ग. समतेची इतकी कोरडी, हिशेबी बाजू मांडणारं दुसरं काही माझ्या तरी माहितीत नाही, आणि मला ती सगळ्यांत भक्कम वाटते.

मग दोरी-सापाची कसोटी विषमतेलाही लावून बघू. ती एकदा कोर्टात लागलेली आहे.

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबईच्या कायदेमंडळात सीताराम केशव बोले यांचा ठराव मंजूर झाला: सार्वजनिक पैशातून बांधलेल्या वा चालवलेल्या विहिरी, पाणवठे, धर्मशाळा अस्पृश्यांना खुल्या असाव्यात. महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये चवदार तळं कागदोपत्री खुलं केलं. तीन वर्षं तो कागद कागदच राहिला. २० मार्च १९२७ ला बाबासाहेब आणि हजारो माणसं तळ्यावर गेली, ओंजळीने पाणी प्यायली. त्यानंतर मारहाण झाली आणि तळं १०८ घागरी पाणी काढून, पंचगव्य ओतून "शुद्ध" करण्यात आलं. नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला. डिसेंबरात काही सवर्णांनी दावा लावून मनाई हुकूम मिळवला. त्यांचं म्हणणं काय होतं? की अस्पृश्यांनी या तळ्यावर यायचं नाही, ही अनादि काळापासूनची वहिवाट आहे.

खटला नऊ वर्षांहून जास्त चालला. १७ मार्च १९३७ ला मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला: अनादि वहिवाट सिद्ध झालेली नाही. फिर्यादींना पुरावा द्यायचा होता आणि तो त्यांच्यापाशी नव्हता. श्रोतेहो, या निकालापाशी जरा थांबा. ज्या गोष्टीला सगळे "हे असंच असतं, पहिल्यापासून असंच आहे" म्हणत होते, ती पुराव्याच्या उजेडात टिकली नाही. समतेने कधी आपण अनादि असल्याचा दावा केलेला नाही. तो दावा विषमता करत होती.

पण १९२३ ते १९३७ ही चौदा वर्षं विसरून चालणार नाहीत. ठसा मारलेलं वजन दुकानात ठेवलं आणि तोलताना दुसरंच वापरलं, तर ठशाचा काय उपयोग? आज हे आपल्या शहरात कुठे घडतं, ते तुरुंगाच्या दारात दिसतं.

बाजारातल्या मोबाइल चोरीच्या आरोपात पकडलेला एखादा पोरगा घ्या. साध्या चोरीला भारतीय न्याय संहितेत जास्तीत जास्त तीन वर्षं शिक्षा आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ४७९ सांगतं: खटला चालू असतानाच कमाल शिक्षेच्या निम्मा काळ तुरुंगात गेला, तर जामिनावर सोडायचं. इथे तो १८ महिने होतो. पूर्वी कधीच शिक्षा झालेली नसेल तर एक तृतीयांश पुरे, म्हणजे १२ महिने, आणि तेव्हा बंधपत्रावर, म्हणजे हजर राहण्याच्या स्वतःच्या लेखी हमीवर, सोडायचं. तो काळ भरताच कोर्टाकडे लेखी अर्ज करण्याची जबाबदारी तुरुंग अधीक्षकाची आहे. फाशी किंवा जन्मठेपेच्या गुन्ह्यांना हे लागू नाही. एकाहून जास्त गुन्हे वा खटले प्रलंबित असले तरी नाही. आरोपीने स्वतः लांबवलेला काळ मोजत नाहीत, आणि सरकारी वकिलाचं ऐकून, कारणं लिहून, कोर्ट निम्म्यापेक्षा जास्त काळही ठेवू शकतं.

अडतं कुठे? बहुतेक वेळा जामीनदारापाशी. जामीन मंजूर होतो, पण रेशनकार्ड, पत्त्याचा पुरावा, मिळकतीचे कागद घेऊन उभा राहणारा माणूस हवा असतो. बिहारहून वा मराठवाड्यातून येऊन नाक्यावर काम शोधणाऱ्याकडे असा माणूस कुठून येणार? त्याच आरोपात, त्याच दिवशी जामीन मिळालेला दुसरा पोरगा संध्याकाळी घरी जेवतो आणि हा महिनोन् महिने आत राहतो. कायद्याने दोघांना एकच वजन लावलंय, दांडी मात्र एका बाजूला जास्त आहे.

ही दांडी सरळ करायची सोयही कायद्यात आहे, फारशी कुणाला ठाऊक नसते एवढंच. जामीनपात्र गुन्हा असेल आणि आठवड्यात जामीनदार मिळाला नाही, तर त्या माणसाला निर्धन धरून स्वतःच्या बंधपत्रावर सोडायला हवं. इतर गुन्ह्यांबाबत सर्वोच्च न्यायालयाने ३१ जानेवारी २०२३ ला निर्देश दिले: जामीन मिळून सात दिवसांत सुटका झाली नाही, तर तुरुंग अधीक्षकाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं, महिनाभरात बंधपत्र भरलं गेलं नाही, तर कोर्ट आपणहून अटी सैल करण्याचा विचार करू शकतं.

प्राधिकरणाचा वकील फुकट मिळतो. कोठडीत असलेल्या माणसाला, स्त्रियांना, मुलांना, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. राष्ट्रीय मदत क्रमांक १५१०० आहे. फोन करण्याआधी कागदावर लिहून ठेवा: कैद्याचं पूर्ण नाव, पोलीस ठाणं, गुन्हा नोंद क्रमांक, लावलेली कलमं, जामीन झाला असेल तर त्या हुकमाची तारीख. आणि अटकेची तारीख सगळ्यांत वर लिहा, कारण एक तृतीयांश आणि निम्मा काळ तिथूनच मोजायचा असतो.